बाहेर गेलेली मुले आणि आपले मंडळ

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात झालेल्या भाषणाचे शब्दांकन)



मंडळाच्या पत्रात मला विषय दिला आहे, ‘महानगरातील आपली तरुण पिढी आणि मराठी अस्मिता’. विषय मोठा आहे. मी मराठी शाळेत गणित शिकवलेला माणूस. अस्मितेवर तासभर बोलणे मला जमणार नाही. पण मुले कुठे गेली, का गेली आणि तिथे त्यांच्यापुढे काय वाढून ठेवलेले असते, एवढे मला ठाऊक आहे. त्यातली बरीच माझ्या वर्गातल्या बाकांवर बसून गेली आहेत आणि अजून फोन करतात.

या सभागृहात पुढच्या पाच रांगा पाहा. सगळे साठीच्या पुढचे. जी दहा-बारा तरुण मुले दिसतात ती कार्यकर्त्यांच्या घरची, चहा फिरवायला आणलेली. (हशा) हसून घ्या. पण शहापूर घ्या, वडगाव-अनगोळ घ्या, टिळकवाडी घ्या, नाहीतर येळ्ळूर-कंग्राळी घ्या, दर दोन-तीन घरांआड एक मूल पुण्यात, मुंबईत नाहीतर बेंगळूरला आहे. गणपतीत येते, पाच दिवस राहते, आणि रविवारी रात्रीच्या गाडीने परत जाते. सप्टेंबर २०२४ मध्ये हुबळी-पुणे वंदे भारत बेळगाववरून सुरू झाली, ऑगस्ट २०२५ मध्ये बेंगळूर-बेळगाव वंदे भारतही आली. गाड्या वाढल्या. मुलांचे येणे त्या मानाने वाढलेले मला तरी दिसत नाही.

यावर आपल्या सभांतून नेहमी एकच सूर निघतो. मुले पैशाच्या मागे लागली, गाव विसरली, चळवळ विसरली. मला हा सूर मान्य नाही. शहापूर-वडगाव-खासबागच्या विणकराच्या मुलाने काय करायचे? माग विकून बापाने त्याला डिप्लोमा करवला तो मागावर परत बसवण्यासाठी नव्हे. उद्यमबागेत फौंड्रीत काम मिळते, नाही असे नाही. पण संगणक शिकलेल्या पोरीला तिथे काय मिळणार? येळ्ळूर-वडगावच्या शिवारातला बासमती आपण कौतुकाने पाहुण्यांना पाठवतो. मात्र त्या शिवाराचे चार भावांत वाटे झाले की एकेकाच्या वाट्याला काय येते, ते सातबारा पाहिलेल्या प्रत्येकाला माहीत आहे. महत्त्वाकांक्षा हा काही दुर्गुण नव्हे. माझ्या एका विद्यार्थिनीने बारावीनंतर घरात तीन दिवस भांडून पुण्याला जायची परवानगी मिळवली. आज धाकट्या भावाचे शिक्षण तीच करते. तिला कोणी अस्मिता शिकवायला जाऊ नये.

आणि बाहेर जाणे हे काही या पिढीने शोधून काढलेले नाही. चंदगड तालुका १९५६ पर्यंत आपल्या बेळगाव जिल्ह्यातच होता. त्या भागातून आणि आपल्या पश्चिमेकडच्या गावांतून किती माणसे मुंबईच्या गिरण्यांत गेली, याची आठवण इथल्या जुन्या घरांत अजून आहे. लालबाग-परळच्या चाळीत गावकऱ्यांची खोली असे. एका खोलीत तीस-चाळीस माणसे. पहिल्या पाळीचा कामावर गेला की रात्रपाळीचा त्याच जागेवर अंग टाकायचा. भिंतीवर गावच्या देवाची तसबीर, कोपऱ्यात ट्रंकांची उतरंड, आणि वर्गणीची वही. जेवण खाणावळीत, तीही बहुधा आपल्याच मुलखातल्या एखाद्या बाईने चालवलेली. नवा पोरगा गावाहून आला की त्याला उतरायला जागा होती, उधारीवर जेवण होते, आणि जॉबरकडे शब्द टाकणारा माणूस होता. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला, पुढे गिरण्या गेल्या, त्यांच्याबरोबर यातल्या बऱ्याच खोल्याही गेल्या. पण मला सांगायचे आहे ते असे, की आपल्या आजोबा-पणजोबांनी मुंबईत मराठीपण कुठे जपले? सभेत नव्हे. त्या खोलीत जपले. नव्या पोराची जी पहिली अडचण, ती खोली सोडवीत होती. म्हणून तो पुढे तीस वर्षे वर्गणी भरत होता.

आजचा पोरगा पुण्यात उतरतो तेव्हा त्याला काय मिळते? पीजीतली एक कॉट, दोन महिन्यांचे भाडे आगाऊ, आणि पहिल्याच आठवड्यात एक प्रश्न. ‘बेळगावचा म्हणजे तू कन्नड ना?’ इथे तो जन्मभर मराठी म्हणून ओळखला गेला, त्याच्या आजोबांनी मराठीसाठी लाठ्या खाल्ल्या, १९८६ च्या कन्नडसक्तीविरोधी आंदोलनात काकाने तुरुंग पाहिला, आणि पुण्यातला त्याच्या शेजारच्या कॉटवरचा मुलगा त्याला विचारतो, ‘अरे, तुझी मराठी छान आहे रे, कुठे शिकलास?’ त्याच्या तोंडून ‘काय करुलास’ निघाले की खोलीभर हसू. पु. ल. देशपांडे यांच्या ‘रावसाहेब’मुळे आपली बोली महाराष्ट्रात माहीत झाली, प्रेमाने माहीत झाली, पण पुष्कळांना ती तेवढीच, हसण्यापुरती माहीत आहे. ज्या मुलीचा मी मघाशी उल्लेख केला तिने सहा महिन्यांत बोली बदलली. आईशी फोनवर बोलताना मात्र बेळगावी येते, म्हणून फोन घेऊन ती जिन्यात जाते. मला हे तिने हसत हसत सांगितले. मी काही हसलो नाही.

बेंगळूरला जाणाऱ्याची तऱ्हा निराळी. तिथे त्याला विचारतात, बेळगावचा ना, मग कन्नड नीट का बोलत नाहीस? त्याची कन्नड बाजारातली, उत्तर कर्नाटकाच्या वळणाची. त्या कन्नडलाही तिथे हसतात, धारवाडच्या अस्सल कन्नड मुलालासुद्धा हसतात. म्हणजे आपले पोर दोन राजधान्यांत दोन भाषांवरून हसू सोसते. आणि घरी आले की आपण त्याला तिसरा प्रश्न विचारतो : १ नोव्हेंबरच्या फेरीला का आला नाहीस?

आता थोडे कडू बोलतो. जुलै २०२४ मध्ये कर्नाटक मंत्रिमंडळाने खासगी उद्योगांत स्थानिकांना नोकऱ्या राखून ठेवणारे विधेयक मंजूर केले. व्यवस्थापनाच्या जागांत ५० टक्के, इतर जागांत ७० टक्के. उद्योगांनी ओरड केली आणि दोन-तीन दिवसांत ते बाजूला ठेवण्यात आले. ते पुन्हा कधी निघेल न निघेल. पण त्यात ‘स्थानिक’ म्हणजे कोण, हे लिहिले होते, ते आपल्यापैकी किती जणांनी वाचले? राज्यात जन्म, १५ वर्षांचे वास्तव्य, आणि कन्नड बोलता, वाचता, लिहिता येणे. माध्यमिक शाळेत कन्नड विषय घेतल्याचे प्रमाणपत्र नसेल तर परीक्षा. आपल्या मराठी शाळेतून दहावी झालेल्या मुलाच्या गुणपत्रिकेत कन्नड विषय असतो. म्हणजे कागदावर तो स्थानिक ठरतो. प्रत्यक्षात त्याला मुलाखतीत चार वाक्ये बोलता येत नाहीत, कारण आपण घरी त्याला सांगितले, की कन्नडमध्ये पास होण्यापुरते गुण पुरेत.

सक्तीला विरोध आणि भाषेला विरोध यांत अंतर आहे. १९८६ मध्ये जे रस्त्यावर आले ते सक्तीविरुद्ध आले, आणि बरोबर आले. महाराष्ट्राचा दावा २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. तो आपण सोडलेला नाही, सोडणारही नाही. पण बेंगळूरला पोट भरायला गेलेल्या मुलाने कन्नड चांगले शिकले तर सीमाप्रश्न हरत नाही. (मागून आवाज : ‘तुम्ही कोणाच्या बाजूचे?’) मी पोरांच्या बाजूचा. ज्यांनी विचारले त्यांचा नातू बेंगळूरलाच आहे, हे मला माहीत आहे. (हशा, टाळ्या)

भाषा बदलली की माणूस हातचा गेला, असे आपण फार चटकन ठरवतो. शहाजीराजांना बेंगळूरची जहागीर मिळाली ती १६३८ च्या सुमारास. तेव्हापासून त्या बाजूला मराठी घरे आहेत. तशाच एका मराठी घरात १९५० साली बेंगळूरला शिवाजीराव गायकवाड जन्मले. बसचे कंडक्टर होते. अभिनय शिकायला मद्रासला गेले, १९७५ साली तमिळ चित्रपटात आले, आणि जग त्यांना रजनीकांत म्हणू लागले. घरात मराठी, शाळेत कन्नड, कर्तृत्व तमिळमध्ये. आपण त्यांच्याकडे बोट दाखवून ‘तो आपलाच’ म्हणतो, अगदी मिशा पिळून म्हणतो. मग आपल्या गल्लीतल्या पोराने तेच केले की तो परका कसा होतो? उलट बाजूही पाहा. कुमार गंधर्व आपल्या शेजारच्या सुळेभावीचे, १९२४ चा जन्म, घर कन्नड. लहानपणीच मुंबईला देवधर मास्तरांकडे गेले, मराठी रसिकांनी त्यांना डोक्यावर घेतले, पुढचे आयुष्य देवासला काढले. भीमसेन जोशी धारवाडच्या बाजूचे, पुण्याचे झाले. त्यांच्या कन्नडपणाचा हिशेब पुणेकरांनी कधी मागितला नाही आणि तिकडच्यांनी त्यांना बाटगे ठरवले नाही. तेवढी मोकळीक आपण आपल्या लेकरांना द्यायला हवी.

मोकळीक द्यायची म्हणजे वाऱ्यावर सोडायचे, असे मात्र नव्हे. मंडळाचे खरे काम इथे सुरू होते, आणि ते काम कंटाळवाणे आहे. कागदाचे आहे.

महाराष्ट्रात अभियांत्रिकीसारख्या व्यावसायिक अभ्यासक्रमांच्या प्रवेशात, वादग्रस्त सीमाभागातला आणि मातृभाषा मराठी असलेला विद्यार्थी महाराष्ट्राचा उमेदवार म्हणून धरला जातो. त्यासाठी दोन दाखले विहित नमुन्यात लागतात. एक सीमाभागातले असल्याचा, दुसरा मातृभाषा मराठी असल्याचा. नोकरीचेही तसेच. महाराष्ट्राने दावा सांगितलेल्या ८६५ गावांतल्या मराठी उमेदवाराला तिथल्या सरकारी भरतीत अर्ज करता येतो. २००८ चा शासन निर्णय आहे, १५ वर्षांच्या वास्तव्याचा दाखला जोडावा लागतो. डिसेंबर २०२२ मध्ये नागपूरला महाराष्ट्र विधिमंडळाने याच ८६५ गावांविषयी एकमताने ठराव केला, तेव्हा आपण चौकात पेढे वाटले. पेढे वाटणाऱ्यांपैकी किती जणांच्या घरी हे दाखले काढून ठेवले आहेत? हात वर करायला सांगत नाही.

दरवर्षी प्रवेशाच्या दिवसांत माझ्याकडे चार-पाच पालक येतात. घाम पुसत येतात. अर्जाची मुदत दोन दिवसांवर, दाखल्याचा नमुना चुकलेला, आणि वास्तव्याचा दाखला द्यायचा तो इथल्याच कचेरीने. ‘महाराष्ट्राच्या कामासाठी’ म्हटले की कचेरीतला कारकून वर पाहतो आणि सोमवारी या म्हणतो. सोमवार मुदतीनंतरचा असतो. एका मुलाची अशीच हातची जागा गेली; घरच्यांनी इथल्याच एका महाविद्यालयात पैसे भरून घातले, त्या पैशासाठी आजीच्या पाटल्या मोडल्या. सीमाप्रश्नाचा इतिहास त्या घरातल्या प्रत्येकाला तोंडपाठ आहे. महाजन आयोग, उपोषणे, हुतात्मे, सगळे. दाखल्याचा नमुना कोणाला माहीत नव्हता.

आमच्या इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे, हैदराबादकडच्या बांधवांची स्थिती तर याहून अवघड. त्यांचे अंक मंडळाच्या वाचनालयात येतात, मी वाचतो. होळकर-शिंदे-गायकवाडांच्या काळापासून ती घरे तिथे आहेत, मराठी टिकवून आहेत, इंदूरने २००१ मध्ये आणि बडोद्याने २०१८ मध्ये साहित्य संमेलन भरवून दाखवले. त्यांचे मूल पुण्याला निघाले की महाराष्ट्राच्या दृष्टीने ते परप्रांतीय. सीमाभागासारखी सवलत त्यांना नाही. ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, त्याचा आनंद सगळ्यांना झाला. पण मराठी जपणाऱ्या बाहेरच्या घरांना शिक्षणात काही थोड्या जागा मिळाव्यात, ही मागणी आपण सगळ्यांनी मिळून का करू नये? आपण आपली सवलत घेऊन गप्प बसलो तर ते बरे दिसणार नाही.

आणखी एक गोष्ट ओघाने येते. महाराष्ट्रातली भरती म्हणजे मराठीचा पेपर आलाच. आपल्या घरांतून इंग्रजी शाळांत गेलेली मुले मराठी फाडफाड बोलतात, लिहायला बसली की दोन ओळींत हात थांबतो. मराठी शाळा वाचवा, असे भाषण करून घरी जाताना नातवाला इंग्रजी शाळेच्या बसमधून उतरवून घेणारे आपणच. मी त्यावरून कोणाला टोचणार नाही, ज्याचे त्याचे गणित असते. पण मग रविवारी दोन तास मराठी लेखनाचा वर्ग चालवा. मी शिकवायला येतो, फुकट येतो. गणिताचा असलो तरी ऱ्हस्व-दीर्घ मला कळते.

राजकारणाचे बोलल्याशिवाय इथून कोणाला सोडत नाहीत, म्हणून तेही. २०१३ साली आपले दोन आमदार विधानसभेत होते. २०१८ ला एकही नाही, २०२३ ला एकही नाही. २०२१ मध्ये महापालिकेच्या ५८ पैकी ३५ जागा भाजपने घेतल्या. आपली फाटाफूट हे कारण आहेच, त्यावर इथे बसलेल्या दोन्ही बाजूंनी आपापसात बोलावे. पण मतदारयादी घेऊन मी माझ्या गल्लीत फिरलो आहे. नाव इथे, माणूस पुण्यात. नाव तर कायद्याने एकाच ठिकाणी ठेवता येते. मतदान आठवड्याच्या मध्ये आले की मूल विचारते, सर, एका दिवसासाठी रजा घेऊन आठ-दहा तासांचा प्रवास करू, पण कशासाठी? ‘हुतात्म्यांसाठी’ हे उत्तर त्याच्या बापाला पुरले. त्याला पुरत नाही, आणि त्यात त्याचा दोष नाही. प्रवेशाच्या वेळी, खोली शोधताना, नोकरी गेली तेव्हा, मंडळाचा एक तरी माणूस त्याच्या उपयोगी पडला असता, तर त्याने हा प्रश्न विचारला नसता. गिरणीतला माणूस मतदानाला गावी येत होता, कारण खोलीतली चार माणसे मिळून निघत होती.

म्हणून मी आज एक ठराव मांडतो आहे. कार्यकारिणीतल्या काही मंडळींना तो आवडणार नाही, हे मला कळते. आपण इमारतीच्या दुसऱ्या मजल्यासाठी निधी जमवतो आहोत. तिथे आणखी एक सभागृह होणार. आहे ते सभागृह वर्षातून किती दिवस भरते, ते रखवालदाराला विचारा. माझे म्हणणे असे, की दुसरा मजला दोन वर्षे थांबवावा. त्या पैशांतून पुण्यात एक आणि बेंगळूरला एक जागा भाड्याने घ्यावी. चार-चार कॉट पुरेत. नवे मूल आले की त्याला पहिले तीन महिने तिथे राहता यावे, माफक भाड्यात, मग त्याने आपली सोय पाहावी आणि पुढच्याला जागा द्यावी. मुलींसाठी वेगळी व्यवस्था लागेल. सुरुवात मुलींच्या जागेपासून झाली तर मला अधिक आवडेल, कारण राहायचे कुठे या एका प्रश्नावर घरात अडवले जाते ते मुलींनाच. देखरेख तिथे स्थिर झालेल्या आपल्याच मुलांनी करावी. मी सहा जणांशी बोललो आहे, चौघे तयार आहेत. बेंगळूरच्या जागेत आठवड्यातून एक दिवस कन्नड बोलायचा वर्ग असावा, आणि पुण्याच्या जागेत बेळगावी बोलायला मनाई नसावी. (हशा)

आणि इथे, याच इमारतीत, एप्रिलपासून जुलैपर्यंत रोज संध्याकाळी एक माणूस दाखल्यांचे नमुने घेऊन बसावा. कोणाचा अर्ज कचेरीत किती दिवस पडून आहे, याची वही त्याने ठेवावी. कचेरीत मुलाच्या बापाने एकट्याने जाऊ नये, मंडळाचा कार्यकर्ता बरोबर असावा. पाच माणसे मिळून गेली की सोमवार लवकर येतो, असा माझा अनुभव आहे. निवृत्त कारकून आपल्यात भरपूर आहेत. त्यांना कचेरीची भाषाही येते आणि वेळही आहे.

खर्चाचा अंदाज मी एका कागदावर लिहून चिटणिसांकडे दिला आहे. आकडे कोणीही तपासावेत. ज्यांनी दुसऱ्या मजल्यासाठी आधीच देणगी दिली आहे त्यांची लेखी संमती घ्यावी लागेल. ज्यांना नको असेल त्यांचे पैसे इमारतीच्याच खात्यात राहावेत. ठरावावर चर्चा होऊ द्या, विरोधही होऊ द्या, पण मत आजच घ्या. जुलैत प्रवेश सुरू होतात, आणि जागा बघायची तर मे महिन्यातच पुण्याला माणूस पाठवावा लागेल.